पडण्याचा हक्क

लग्नानंतरची रात्र. नवरी झोपायच्या झग्यात बाहेर येते. झगा ग्रीक पुतळ्यांच्या अंगावर असतो तसला, चुण्याचुण्यांचा, आणि तिनं डोकं चुकून हाताच्या भोकातून काढलेलं आहे. एक खांदा कानाला टेकलाय, मानेभोवती कापडाचा पीळ बसलाय, पण तिला त्याचा पत्ता नाही. नवरा बघतो. त्यानं तिच्याशी लग्न केलंय ते पैशांसाठी, आणि सवडीनं तिला मारून टाकायचा त्याचा बेत आहे. पण त्या टापटिपीच्या माणसाला हे ध्यान बघवत नाही. तो झगा सोडवायला लागतो. हा हात आत घे, तो बाहेर काढ, तो नव्हे, दुसरा, आता डोकं खाली. दोघंही अतिशय गंभीर. गुंता सुटतो, पुन्हा होतो, पुन्हा सुटतो. बाईला मारायला निघालेला माणूस तिला चार वर्षांच्या पोरीसारखे कपडे घालतोय आणि ते त्याच्या लक्षातही आलेलं नाही. अख्ख्या चित्रपटाचा शेवट इथे ठरून जातो, तोही एका वाक्याचं भाषण न देता.

हा १९७१ चा ‘अ न्यू लीफ’. नवरा वॉल्टर मॅथाऊ आणि नवरी एलेन मे. पटकथा तिची, दिग्दर्शनही तिचं. बोलपट आल्यानंतर हॉलिवूडच्या मोठ्या स्टुडिओचा चित्रपट लिहिणं, दिग्दर्शित करणं आणि त्यात नायिकेचं काम करणं हे तिन्ही एकाच बाईनं करण्याची ही पहिली वेळ, असं मानलं जातं.

मध्यंतरी आमच्या सिनेमावेड्या टोळक्यात मी हे नाव काढलं, तर एक जण लगेच म्हणाला, “ती उंटांच्या सिनेमावाली? बुडवला ना तिनं स्टुडिओ?” त्यानं ‘उंटांचा सिनेमा’ पाहिला नव्हता. बाकीच्यांनीही नव्हता. मीही तोवर अर्धाच पाहिला होता, त्यामुळे मला फार शहाणपणा करता आला नाही. पण तो प्रश्न डोक्यातून गेला नाही, कारण स्टुडिओ काही बुडाला नव्हता. बुडाली होती ती दिग्दर्शक. १९८७ साली तो उंटांचा सिनेमा, ‘इश्तार’, पडला, तेव्हा ती पंचावन्न वर्षांची होती. आज ती नव्वदी ओलांडलेली आहे. मधल्या काळात तिनं एकही कथापट दिग्दर्शित केलेला नाही.

बायकांना चित्रपट करायला मिळत नाहीत, ही तक्रार आता सगळ्यांना पाठ झाली आहे आणि तिच्यावर उपाय म्हणून पहिल्या चित्रपटासाठी योजना निघतात, अनुदानं निघतात, पुरस्कार निघतात. माझं म्हणणं असं, की खरी गोम पहिल्या चित्रपटात नाही. एखादीला दार उघडून आत घेणं सोपं असतं. आत जाऊन तिच्या हातून काचेचं भांडं फुटलं की काय होतं, ते बघायला हवं. पुरुष दिग्दर्शकाचा चित्रपट पडतो तेव्हा त्याचा चित्रपट पडलेला असतो. बाईचा पडतो तेव्हा बाई पडलेली असते.

एलेन मेचा जन्म १९३२ साली फिलाडेल्फियात झाला. वडील जॅक बर्लिन हे यिडिश या ज्यूंच्या भाषेतल्या रंगभूमीवरचे नट. नाटक कंपनीबरोबर गावोगाव बिऱ्हाड हलवायचं आणि लहानग्या एलेननंही रंगमंचावर उभं राहायचं. ती अकरा-बारा वर्षांची असताना वडील गेले. चौदाव्या वर्षी शाळा सुटली, सोळाव्या वर्षी लग्न झालं, सतराव्या वर्षी मुलगी झाली. ती पुढे आली शिकागोत. तिथल्या विद्यापीठात रीतसर नाव न घालता वर्गांत जाऊन बसायची. तिथेच माइक निकोल्स भेटला.

ती गोष्ट प्रसिद्ध आहे. रेल्वे स्टेशनवर ती बाकावर बसलेली, तो शेजारी आला आणि परदेशी हेराचा आव आणून त्या थाटाच्या इंग्रजीत बसायची परवानगी मागितली. तिनं मान वर करून त्याच थाटात उत्तर दिलं. गाडीनं घरी पोचेपर्यंत दोघांनी एक अख्खं हेरनाट्य रचून संपवलं होतं. तमाशातली बतावणी ज्यानं पाहिली आहे त्याला यातली गंमत वेगळी सांगायला नको. हातात कागद नाही, समोरच्यानं टाकलेला शब्द झेलायचा आणि दुप्पट वेगानं परत फेकायचा. १९६० च्या ऑक्टोबरात ही जोडी ब्रॉडवेवर, न्यूयॉर्कच्या व्यावसायिक रंगभूमीवर, आली आणि ३०६ प्रयोग करून थांबली. त्यांच्या एका नाट्यछटेत एक आई आपल्या रॉकेट शास्त्रज्ञ मुलाला फोनवर धरते. शुक्रवारी फोन करणार होतास, मी दिवसभर फोनपाशी बसून राहिले. मुलगा म्हणतो, आई, मी रॉकेट सोडत होतो. आईवर काही परिणाम नाही. संभाषण संपेस्तोवर तो शास्त्रज्ञ बोबडं बोलायला लागतो. ती आई एलेन मे तिशीच्या आत करत होती.

१९६१ मध्ये दोघं वेगळी झाली. यापुढे या दोन माणसांच्या वाटा शेजारी शेजारी ठेवून बघाव्यात. इतकी सोयीची तुलना सहसा मिळत नाही. एकाच रंगमंचावरून निघालेली, एकमेकांच्या तोडीची, एकाच धंद्यात गेलेली दोन माणसं.

निकोल्सचा दुसराच चित्रपट ‘द ग्रॅज्युएट’ (१९६७). दिग्दर्शनाचं ऑस्कर. मग ‘कॅच-२२’ अपेक्षेइतका चालला नाही. १९७३ मध्ये बोलणाऱ्या डॉल्फिनचा चित्रपट पडला. १९७५ मध्ये वॉरन बेटी आणि जॅक निकल्सन असे दोन तारे घेऊन केलेला ‘द फॉर्च्यून’ साफ आपटला. त्यानंतर त्यानं आठ वर्षं कथापट केला नाही. १९८३ मध्ये तो ‘सिल्कवुड’ घेऊन परतला, मेरिल स्ट्रीप नायिका, आणि दिग्दर्शनासाठी पुन्हा ऑस्करचं नामांकन. पुढे त्यानं २००७ पर्यंत चित्रपट केले. त्यातले काही उत्तम होते, काही बरे आणि दोन-तीन तर नावही आठवू नये असे. कुणी त्याच्या नावावर फुली मारली नाही. मारायला नकोच होती. मी निकोल्सच्या वाट्याला आलेली उदारता काढून घ्या म्हणत नाही, ती थोडी इकडेही वाढा एवढंच म्हणतो.

यावर कुणी म्हणेल, त्याच्या खात्यावर दोन दणदणीत यशं जमा होती, ती खर्च करायचा त्याला हक्क होता. मान्य. पण मेचं खातंही रिकामं नव्हतं. १९७२ चा ‘द हार्टब्रेक किड’ चांगला चालला. नील सायमनची पटकथा. मधुचंद्राला गेलेला एक तरुण तिथेच दुसऱ्या मुलीच्या मागे लागतो आणि नव्या बायकोला हॉटेलातल्या जेवणाच्या टेबलावर सोडून देतो. त्या बिचाऱ्या बायकोचं काम मेच्याच मुलीनं, जीनी बर्लिननं केलं होतं. पुऱ्या चित्रपटगृहासमोर आपल्या पोरीच्या तोंडाला अंड्याचं सॅलड माखून तिला हास्यास्पद करायचं आणि मग हळूच प्रेक्षकाला आपल्याच हसण्याची लाज वाटायला लावायची, हे काम दिग्दर्शक म्हणून किती कठीण असेल! जीनीला ऑस्करचं नामांकन मिळालं, त्या दुसऱ्या मुलीच्या वडिलांचं काम करणाऱ्या एडी अल्बर्टलाही मिळालं. दिग्दर्शिकेला नाही. एखाद्या चित्रपटात दोन-दोन नटांची कामं नामांकनाच्या तोडीची होतात, तेव्हा ती आपोआप झाली असं समजायची पद्धत तेव्हा असावी.

आता तिची बाजू घेताना मी तिला गरीब गाय करणार नाही. ती स्टुडिओसाठी खरोखर डोकेदुखी होती. ‘अ न्यू लीफ’ची तिची आवृत्ती तीन तासांची होती आणि तीत दोन खून होते. पॅरामाउंट स्टुडिओच्या रॉबर्ट इव्हान्सनं ती काढून घेतली आणि १०२ मिनिटांवर आणली. खून गेले, नायक सोज्वळ झाला. आपलं नाव काढून टाका म्हणून ती कोर्टात गेली आणि हरली. गंमत म्हणजे जो चित्रपट तिनं नाकारला तोच आज लोकांना आवडतो. २०१९ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत त्याचा समावेशही झाला. तो नाइटगाउनचा प्रसंग बघताना मला नेहमी वाटतं, तीन तासांच्या त्या हरवलेल्या आवृत्तीत असे किती प्रसंग असतील. आणि लगेच असंही वाटतं, की तीन तास ही विनोदी चित्रपटाची लांबी नव्हे. इव्हान्स अगदीच चुकला असं माझ्यानं म्हणवत नाही.

‘मायकी अँड निकी’ची कथा तर आणखी पुढची. फिलाडेल्फियातली एक रात्र, दोन किरकोळ गुंड, बालपणापासूनचे दोस्त. एकाच्या जिवावर टोळी उठलेली आणि दुसरा त्याला वाचवतोय की विकतोय हे त्याला स्वतःलाच ठाऊक नाही. जॉन कॅसाव्हेटिस आणि पीटर फाक. तीन-तीन कॅमेरे लावून तिनं १४ लाख फूट फिल्म खर्च केली. ३५ मिलिमीटरची फिल्म मिनिटाला ९० फूट धावते, म्हणजे हा ऐवज झाला साधारण २६० तासांचा, दोन तासांहून कमी लांबीच्या चित्रपटासाठी. असं सांगतात, की एकदा दोन्ही नट चौकटीतून चालत निघून गेले तरी कॅमेरा चालूच होता. कुणीतरी न राहवून ‘कट’ म्हटलं तेव्हा मे चिडली. पण ते तर गेले ना? यावर ती म्हणाली, हो, पण ते परत येतीलही! चित्रण १९७३ मध्ये सुरू झालं, चित्रपट आला १९७६ च्या डिसेंबरात. मधल्या काळात खर्च दुपटीवर गेला, स्टुडिओ कोर्टात गेला आणि चित्रपटाची दोन रिळं गायब झाली. ती कनेक्टिकटमधल्या कुणाच्यातरी गॅरेजात पडून होती म्हणतात. शेवटी पॅरामाउंटनं चिडून तो जेमतेम दाखवला आणि गुंडाळला. एलेनला तो पुढे आपल्या मनासारखा जुळवता आला, पण तोवर कुणाला काय त्याचं?

या सगळ्यात तिची चूक आहे. पैसे तिच्या बापाचे नव्हते.

पण याच वर्षांत शेजारी काय चाललं होतं ते बघा. फ्रान्सिस कपोलानं ‘अपोकलिप्स नाऊ’साठी फिलिपिन्सच्या जंगलात दहा लाख फुटांहून जास्त फिल्म वापरली. चित्रण दोनशेहून जास्त दिवस चाललं, वादळात सेट उडून गेले, नायक बदलला, नव्या नायकाला हृदयविकाराचा झटका आला. या गोंधळावर एक स्वतंत्र माहितीपट निघाला आणि तो बघताना आपण काय म्हणतो? काय झपाटलेला माणूस! हेच फूट, हेच दिवस, हेच स्टुडिओवाल्यांचे घामाघूम चेहरे. एकाच्या बाबतीत त्याला ध्यास म्हणायचं आणि दुसरीच्या बाबतीत तिला आवरता येत नाही म्हणायचं. कपोलाचा चित्रपट चालला, तिचा नाही चालला, हा फरक आहेच. मग कपोलाचा न चाललेला चित्रपट घेऊ. १९८२ चा ‘वन फ्रॉम द हार्ट’ सुमारे २ कोटी ६० लाख डॉलरचा होता आणि त्यानं अमेरिकेत दहा लाखही मिळवले नाहीत. तो कर्जात बुडाला, ते खरं. पण पुढच्याच वर्षी, १९८३ मध्ये, त्याचे दोन नवे चित्रपट पडद्यावर होते. दोन!

आता ‘इश्तार’. कोलंबिया स्टुडिओचा चित्रपट, वॉरन बेटी आणि डस्टिन हॉफमन. बेटीनं तिच्या ऋणातून उतराई व्हायचं म्हणून हा घाट घातला होता. ‘हेवन कॅन वेट’ ही पटकथा दोघांनी मिळून लिहिली होती आणि ‘रेड्स’वर तिनं नाव न लावता काम केलं होतं. दोन टुकार गायक-गीतकार अमेरिकेत कुणी विचारत नाही म्हणून उत्तर आफ्रिकेतल्या हॉटेलात कार्यक्रमाला जातात आणि सीआयए, तिथला अमीर आणि बंडखोर यांच्या मारामारीत सापडतात. चित्रण मोरोक्कोत झालं. खर्च ५ कोटी १० लाख डॉलरच्या घरात गेला. त्यातले एक कोटीहून जास्त नुसते दोन ताऱ्यांच्या मानधनाचे होते, पण हे सांगताना सहसा कुणी दिसत नाही.

सांगितली जाते ती उंटाची गोष्ट. निळ्या डोळ्यांचा उंट हवा होता. पहिल्याच व्यापाऱ्याकडे छान उंट मिळाला, पण आणखी चार ठिकाणी बघू म्हणून माणसं पुढे गेली. तसा दुसरा मिळेना, म्हणून परतली तर व्यापारी म्हणाला, तो होय, तो तर आम्ही खाल्ला! दुसरी गोष्ट वाळूच्या टेकड्यांची. महिनोन्‌महिने टेकड्या शोधल्या आणि मग दिग्दर्शिका म्हणाली, मला सपाट हवंय. म्हणून बुलडोझर लावून वाळवंट सपाट केलं. यातलं खरं किती आणि तिखटमीठ किती, देव जाणे.

अशीच एक गोष्ट दिग्दर्शक मायकेल चिमिनोची आहे. ‘हेवन्स गेट’साठी उभारलेल्या गावातला रस्ता त्याला अरुंद वाटला. आणखी सहा फूट रुंद हवा होता. बांधकामवाला म्हणाला, एक बाजू पाडून सहा फूट मागे घेऊ, स्वस्तात होईल. चिमिनो म्हणाला, नाही, दोन्ही बाजू पाडा आणि प्रत्येकी तीन फूट मागे घ्या. हा चित्रपट १९८० मध्ये आला. खर्च सुमारे ४ कोटी ४० लाख डॉलर, कमाई ३५ लाखांच्या आसपास. युनायटेड आर्टिस्ट्स ही चॅप्लिननं आणि त्याच्या साथीदारांनी उभारलेली कंपनी पुढच्याच वर्षी विकली गेली. म्हणजे ‘स्टुडिओ बुडवला’ हे वाक्य ज्याला लागू पडतं तो हा. ‘इश्तार’नं अमेरिकेत १ कोटी ४४ लाख मिळवले, खर्चाच्या साधारण २८ टक्के. ‘हेवन्स गेट’नं जेमतेम ८ टक्के. कोलंबियाला झळ बसली, पण ती उभी राहिली.

चिमिनोलाही लोकांनी सोडलं नाही, हे प्रामाणिकपणे सांगायला हवं. त्याची भरपूर टर उडवली गेली आणि तो पुन्हा आधीच्या उंचीवर कधी गेला नाही. पण ‘पुन्हा उंची गाठली नाही’ हे म्हणायलाही आधी पुन्हा उडी मारायला मिळावी लागते. त्याला १९८५ मध्ये ‘इयर ऑफ द ड्रॅगन’ मिळाला. त्यानंतर आणखी तीन कथापट मिळाले. ‘इश्तार’नंतर एलेनला मिळालेल्यांची संख्या शून्य.

‘इश्तार’ प्रदर्शित होण्याआधीच पडला होता, असं मेचं स्वतःचं म्हणणं आहे. निर्मितीला मंजुरी दिलेला माणूस जाऊन कोलंबियाच्या खुर्चीत डेव्हिड पटनम आला होता. त्याचं बेटीशी आणि हॉफमनशी आधीपासून वाकडं होतं. खर्चाच्या बातम्या वर्तमानपत्रांत येत राहिल्या. लोक चित्रपटाऐवजी हिशेब बघायला गेले. तरी पहिल्या शनिवार-रविवारी तो गल्ल्याच्या यादीत पहिला होता, थोडक्या फरकानं का होईना. एक योगायोग मला फार लागतो. १५ मे १९८७ ला तो लागला, तेव्हा वॉशिंग्टनमध्ये इराण-कॉन्ट्रा प्रकरणाची जाहीर सुनावणी सुरू होऊन दहाच दिवस झाले होते. आपलं सरकार परदेशांत कुणाला चोरून शस्त्रं पुरवतं हे अमेरिका टीव्हीवर बघत होती आणि त्याच विषयावरचा प्रहसनाचा खेळ शेजारच्या चित्रपटगृहात रिकाम्या खुर्च्यांपुढे चालला होता. समीक्षकांतल्या फारच थोड्यांना हे दिसलं. बाकीचे उंट मोजत होते.

तो चांगला आहे का? आता मी पूर्ण पाहिला आहे, तेव्हा सांगतो. पहिला अर्धा तास, न्यूयॉर्कमधला, अस्सल आहे. दोन प्रौढ माणसं पियानोपाशी बसून एका भिकार ओळीला यमक शोधताहेत आणि प्रत्येक नव्या शब्दावर त्यांचे डोळे लकाकताहेत, हे बघताना पोट दुखतं. मुद्दाम वाईट गाणी लिहिणं सोपं नसतं. पॉल विल्यम्सनं ती नेमकी जितकी हवी तितकी वाईट लिहिली आहेत. वाळवंटात गेल्यावर मात्र चित्रपटाची चाल मंदावते, गोळीबाराचे प्रसंग तिला जमत नाहीत, आणि इझाबेल अजानीसारखी अभिनेत्री बहुतेक वेळ डोक्यावरून फडकं गुंडाळून वाया गेली आहे. मध्यम चित्रपट, पण काही जागा पहिल्या प्रतीच्या. असे चित्रपट दरवर्षी वीस तरी येतात आणि त्यांच्या दिग्दर्शकांना पुढचा चित्रपट मिळतो.

ती स्वतः २००६ साली एका जाहीर गप्पांत, शेजारी निकोल्स बसलेला असताना म्हणाली होती, की ‘इश्तार’चा तिटकारा करणाऱ्या सगळ्यांनी तो पाहिला असता तर मी आज श्रीमंत असते. हशा पिकला. तिच्या वाक्यांवर हशा पिकणारच.

आता एक आक्षेप उरतो आणि तो मला सगळ्यांत वजनदार वाटतो. तिचं काय वाईट झालं? ती लिहीत राहिली. ‘इश्तार’च्या आधी, १९८२ च्या ‘टूत्सी’ची पटकथा अडली तेव्हा तिला बोलावलं, तिनं ती नाव न लावता दुरुस्त केली. १९९६ मध्ये निकोल्ससाठी लिहिलेल्या ‘द बर्डकेज’नं जगभरात १८ कोटी डॉलरच्या वर गल्ला जमवला. ‘प्रायमरी कलर्स’ला पटकथेचं नामांकन मिळालं. २०१९ मध्ये ८७ व्या वर्षी ब्रॉडवेवर स्मृती हरवत चाललेल्या आजीचं काम करून तिनं टोनी हा नाटकांचा पुरस्कार घेतला. २०२२ मध्ये अकादमीनं मानद ऑस्कर दिलं. कुठाय अन्याय?

मला वाटतं, अन्याय याच यादीत आहे. धंद्याला तिची बुद्धी अखेरपर्यंत हवी होती. दुसऱ्याच्या अडलेल्या पटकथेची डागडुजी करायला, दुसऱ्याच्या चित्रपटातल्या संवादांना धार लावायला तिच्याकडे हक्कानं माणसं येत राहिली. म्हणजे तिच्यावर विश्वास नव्हता असं नाही. विश्वास होता तो ती मागच्या खोलीत बसली असताना. पुढच्या खोलीतल्या खुर्चीत, जिथून ‘कट’ म्हणायचं किंवा म्हणायचं नाही हे ठरतं, तिथे तिला परत कुणी बसवलं नाही. आपल्या घरांतही हा न्याय काही अनोळखी नाही. स्वयंपाक हिचा, पण पंगतीत मान त्याचा.

नाव न लावणं ही तिची निवड होती, हे बरोबर आहे. शेवटच्या मजकुरावर ताबा नसेल तर नाव कशाला, असा तिचा हिशेब. पण ही निवड कुठून आली असेल? माझा अंदाज असा, की ती त्या पहिल्या खटल्यातून आली. आपला न राहिलेल्या चित्रपटावरून आपलं नाव काढून घ्यायला ती कोर्टात गेली होती आणि कोर्टानं ते तिथेच ठेवलं होतं. त्यानंतर दुसऱ्यांच्या पटकथा दुरुस्त करताना तिनं नाव मुळात लावायचंच सोडलं. तिचा स्वभावही तसा, हेही आहेच. पन्नासच्या दशकात निकोल्सबरोबर काढलेल्या एका ध्वनिमुद्रिकेच्या वेष्टनावर दोघांचा परिचय छापायचा होता. तिच्या परिचयात एवढंच छापलं: मिस मे अस्तित्वात नाही.

ही जुनी गोष्ट झाली, आता काळ बदलला, असंही कुणी म्हणेल. १९४९ ते १९७९ या तीस वर्षांत अमेरिकेतल्या मोठ्या कंपन्यांनी वितरित केलेल्या ७,३३२ चित्रपटांपैकी बायकांनी दिग्दर्शित केलेले होते १४. हे आकडे दिग्दर्शक संघटनेतल्या बायकांनीच खपून काढले होते. आता परिस्थिती तशी नाही, हे कबूल. कॅथरिन बिगलो २०१० मध्ये दिग्दर्शनाचं ऑस्कर घेऊन गेली. तरीही पॅटी जेंकिन्स बघा. २००३ मध्ये ‘मॉन्स्टर’ केला, नायिकेला ऑस्कर मिळालं, सगळ्यांनी पाठ थोपटली. तिचा पुढचा कथापट आला २०१७ मध्ये, चौदा वर्षांनी. कॉलिन ट्रेव्हरोनं २०१२ मध्ये दहा लाख डॉलरच्या आतला एक छोटासा गोड चित्रपट केला आणि तीन वर्षांत त्याच्या हातात पंधरा कोटींचे डायनोसॉर आले. त्याच्यात ‘काहीतरी दिसलं’ म्हणे. काहीतरी दिसण्यासाठी बघणाऱ्याला आपल्या तरुणपणाचं प्रतिबिंब समोर दिसावं लागतं की काय, कोण जाणे.

म्हणून पहिल्या चित्रपटाच्या योजनांवर खूश होणं मला जमत नाही. आपल्याकडेही राष्ट्रीय पुरस्कारांत दिग्दर्शकाच्या पदार्पणाला वेगळा पुरस्कार आहे, आणि असावाच. पण पदार्पण हा तसा सुरक्षित जुगार आहे. पैसे थोडे, कौतुक फुकट आणि चुकलं तरी ‘नवीन आहे’ म्हणून सोडून देता येतं. पैसे देणाऱ्या संस्थांना, मग त्या स्टुडिओ असोत की सरकारी मंडळं, एक साधा प्रश्न विचारावा: तुमच्या यादीत आधीचा चित्रपट पडलेल्या बायका किती आहेत? पुरुषांचा आकडा शेजारी मांडून दाखवा. यात कुणाला फुकट काही द्यायचं नाही. पटकथा वाचा, आवडली नाही तर परत करा. पण परत करताना कारण पटकथेतलं असू द्या, दहा वर्षांपूर्वीच्या उंटाचं नको.

आणि हा प्रश्न विचारायची जबाबदारी प्रेक्षकांवरही आहे, कारण न पाहिलेल्या चित्रपटांना सर्वांत जास्त नावं आपणच ठेवतो. आमच्या टोळक्यातल्या त्या मित्राला मी शेवटी ‘इश्तार’ दाखवला. वाळवंट आल्यावर तो उठून चहा ठेवायला गेला, त्याला मी दोष देत नाही. पण त्याआधीचा एक प्रसंग त्यानं मागे नेऊन दोनदा पाहिला. हॉफमनचा चक उंच इमारतीच्या कठड्यावर उभा आहे. वय उलटून गेलंय, प्रेयसी गेलीय, गाणी कुणाला नकोत. बेटीचा लाइल खिडकीतून त्याच्या शेजारी कठड्यावर उतरतो आणि त्याची समजूत घालतो. तू अपयशी नाहीस, सगळं ठीक होईल, असलं तो काहीच म्हणत नाही. तो म्हणतो, या वयात हातात काही नसायला फार छाती लागते, कळतंय का तुला? दुसऱ्यांना लाज वाटली असती. तू मात्र थोडक्यावर भागवण्यापेक्षा काहीच नको म्हणालास.